अजित वाडेकर यांची दुसरी खेळी

(आकाशवाणीवरील भाषणाचे संपादित रूप)

अमेरिकेतल्या व्यावसायिक बास्केटबॉलमध्ये एक वाट फार पूर्वीपासून रुळलेली आहे. खेळाडूने दहा-बारा वर्षे मैदान गाजवायचे, मग प्रशिक्षक व्हायचे आणि पुढे संघाच्या कचेरीत बसून कोणाला घ्यायचे, कोणाला सोडायचे, पैसा कुठे घालायचा हे ठरवायचे. बोस्टनचे बिल रसेल १९६६ मध्ये स्वतः खेळत असतानाच आपल्या संघाचे प्रशिक्षक झाले. एनबीए या तिथल्या प्रमुख स्पर्धेतले ते पहिले कृष्णवर्णीय मुख्य प्रशिक्षक. लॉस एंजलिस लेकर्सचे जेरी वेस्ट १९६० ते १९७४ खेळले, तीन वर्षे प्रशिक्षक होते आणि नंतर व्यवस्थापक म्हणून त्यांनी तो संघ अनेक वर्षे अव्वल ठेवला. १९९६ मध्ये शॅकील ओनील आणि कोबी ब्रायंट यांना लेकर्समध्ये आणणारे तेच. रसेल २०२२ मध्ये गेले, वेस्ट २०२४ मध्ये. दोघांच्याही मृत्युलेखांत त्यांच्या खेळाइतकेच त्यांच्या नंतरच्या कामाबद्दल लिहिले गेले.

आपल्याकडे असा माणूस शोधायला गेलो की अडचण पहिल्याच शब्दापाशी येते. व्यावसायिक खेळाडू म्हणजे खेळावर पोट भरणारा. आपल्या देशात कितीतरी वर्षे कोणताच खेळ खेळाडूचे पोट भरत नव्हता. बास्केटबॉलपटू रेल्वेत किंवा पोलिसात असे, हॉकीपटू सैन्यात असे आणि क्रिकेटपटू बँकेत. म्हणून आपल्याकडच्या 'खेळाडू, प्रशिक्षक, कारभारी' या प्रवासात मधे एक नोकरीचे टेबल असते. त्या टेबलासकट हा प्रवास ज्यांनी पूर्ण केला, त्या अजित लक्ष्मण वाडेकर यांच्याबद्दल आज मला बोलायचे आहे.

तीन रुपये भत्ता

वाडेकरांचा जन्म १ एप्रिल १९४१ चा, मुंबईतला. मुलगा गणितात हुशार, तेव्हा त्याने इंजिनीअर व्हावे ही वडिलांची इच्छा. त्या काळच्या मध्यमवर्गीय मराठी घरात दुसरी इच्छा असण्याचे कारणही नव्हते. पोरगा एल्फिन्स्टन कॉलेजात विज्ञान शाखेला दाखल झाला. कॉलेजला जाताना बसमध्ये शेजारी राहणारे बाळू गुप्ते भेटत. गुप्ते कॉलेजच्या संघात होते आणि पुढे ते भारताकडूनही खेळले. संघाला बारावा गडी हवा आहे, येतोस का, असे त्यांनी विचारले. बाराव्या गड्याला दिवसाला तीन रुपये भत्ता मिळे. वाडेकर स्वतः हा किस्सा हसत सांगत. प्रयोगशाळेतून मैदानाकडे वळायला तीन रुपयांचे निमित्त पुरले.

१९५८-५९ च्या हंगामात ते मुंबईकडून प्रथम श्रेणीचे क्रिकेट खेळू लागले. डावखुरी फलंदाजी, तिसरा क्रमांक, स्लिपमध्ये पक्के हात. धावांचा ढीग पडत होता, पण कसोटीचे दार उघडायला आठ वर्षे लागली. १९६६ च्या डिसेंबरात वेस्ट इंडीजविरुद्ध ब्रेबर्न स्टेडियमवर ते पहिली कसोटी खेळले, तेव्हा त्यांनी पंचविशी ओलांडलेली होती. त्याच हंगामात रणजी सामन्यात म्हैसूरविरुद्ध त्यांनी ३२३ धावा काढल्या. १९६८ मध्ये वेलिंग्टनला न्यूझीलंडविरुद्ध १४३ धावा केल्या. ते त्यांचे कसोटीतले एकमेव शतक. ती मालिका पतौडींच्या नेतृत्वाखाली भारताने ३-१ अशी जिंकली आणि परदेशात मालिका जिंकण्याची ती आपली पहिलीच वेळ होती.

या सगळ्या वर्षांत वाडेकरांच्या घरातली चूल चालत होती ती स्टेट बँकेच्या पगारावर. मुंबईत टाइम्स शील्ड नावाची कचेऱ्या-कचेऱ्यांमधली स्पर्धा चाले. बँका, टाटा, मफतलाल, एसीसी, निरलॉन असे संघ त्यात उतरत आणि आपला संघ बळकट व्हावा म्हणून चांगल्या खेळाडूंना नोकरी देत. पुढे सुनील गावसकरही निरलॉनमध्येच होते. मालकाला संघ मिळे, खेळाडूला महिन्याचा पगार आणि सामन्यांसाठी रजा मिळे. सकाळी नेटमध्ये सराव, मग कचेरी, शनिवार-रविवारी सामना अशी ती दिनचर्या. भारतीय क्रिकेटचा पाया या पगारपत्रकांवर उभा होता, हे आजच्या लिलावाच्या काळात सांगावे लागते.

मतपेटीतून आलेले कर्णधारपद

१९७१ च्या जानेवारीत वेस्ट इंडीजच्या दौऱ्यासाठी कर्णधार निवडायचा होता. पतौडी जवळजवळ दशकभर कर्णधार होते. निवड समितीत मते समसमान पडली आणि अध्यक्ष विजय मर्चंट यांनी आपले निर्णायक मत वाडेकरांच्या पारड्यात टाकले. नवाबाच्या जागी बँकेतला माणूस आला, अशी चर्चा तेव्हा झाली. वेस्ट इंडीजला भारताने तोपर्यंत एकाही कसोटीत हरवले नव्हते.

किंग्स्टनच्या पहिल्याच कसोटीत वाडेकरांचे गणित कामी आले. पहिला दिवस पावसात वाहून गेला. दिलीप सरदेसाईंच्या २१२ धावांच्या बळावर भारताने ३८७ केल्या आणि वेस्ट इंडीजचा डाव २१७ वर आटोपला. आघाडी १७० ची. पाच दिवसांच्या कसोटीत फॉलो-ऑन द्यायला, म्हणजे प्रतिस्पर्ध्याला लागोपाठ दुसऱ्यांदा फलंदाजीला उतरवायला, २०० धावांची आघाडी लागते. पण पहिला दिवस वाया गेल्यामुळे सामना चार दिवसांचा झाला होता आणि तिथे १५० ची आघाडी पुरते. वाडेकर उठून वेस्ट इंडीजच्या खोलीत गेले आणि गॅरी सोबर्सना त्यांनी शांतपणे सांगितले, तुम्हाला पुन्हा फलंदाजी करायची आहे. सोबर्सच्या ध्यानीमनी हे नव्हते. सामना अनिर्णित राहिला, पण या संघाचा कर्णधार नियमांची पुस्तिका वाचून आला आहे हे त्या दिवशी कळले.

मार्चमध्ये पोर्ट ऑफ स्पेनची कसोटी भारताने सात गडी राखून जिंकली. सुनील गावसकर यांची ती पहिली कसोटी. ६५ आणि नाबाद ६७. दुसऱ्या डावात सलीम दुराणींनी सोबर्स आणि लॉइड यांना झटपट परत पाठवले. लॉइडचा झेल वाडेकरांनीच घेतला. उरलेले सामने अनिर्णित राहिले आणि मालिका १-० अशी आपली झाली.

मग इंग्लंड. २४ ऑगस्ट १९७१, ओव्हलचे मैदान, तिसऱ्या कसोटीचा शेवटचा दिवस. आदल्या दिवशी भागवत चंद्रशेखर यांनी ३८ धावांत ६ बळी घेऊन इंग्लंडचा डाव १०१ वर गुंडाळला होता. जिंकायला १७३ हव्या होत्या. त्या दिवशी गणेश चतुर्थी होती आणि लंडनमधल्या भारतीयांनी चेसिंग्टनच्या प्राणिसंग्रहालयातून बेला नावाची हत्तीण मैदानात फिरवायला आणली होती. वाडेकर सकाळीच ४५ वर धावचीत झाले. ते खोलीत गेले आणि झोपले. नंतर केन बॅरिंग्टन यांनी त्यांना उठवून सांगितले, तुम्ही जिंकलात. चार गडी राखून आलेला तो इंग्लंडमधला भारताचा पहिला कसोटी विजय होता. तिथे दुपार होती, आपल्याकडे दिवेलागण झालेली. आमचे गोंदिया तेव्हा भंडारा जिल्ह्यात होते आणि घरात रेडिओ असणे ही प्रतिष्ठेची गोष्ट होती. आरती उरकून माणसे ज्याच्या घरी रेडिओ आहे त्याच्या ओट्यावर जमली, एवढे मला नीट आठवते. त्या वर्षी आमच्या गल्लीतला प्रत्येक पोरगा फळकुटाची बॅट घेऊन डावखुरा खेळायला बघत होता.

संघ परतला तेव्हा मुंबईत विमानतळापासून मिरवणूक निघाली. १९७२ मध्ये वाडेकरांना पद्मश्री मिळाली. १९७२-७३ मध्ये इंग्लंडचा संघ भारतात आला आणि २-१ असा हरून गेला. लागोपाठ तिसरी मालिका जिंकली होती. इंदूरमध्ये या यशाची आठवण म्हणून एक भलीमोठी काँक्रीटची बॅट उभारली गेली.

बेचाळीस

त्या बॅटीचे पुढे काय झाले ही या गोष्टीतली कडू बाजू आहे. १९७४ च्या जूनमध्ये लॉर्ड्सवर भारताचा दुसरा डाव अवघ्या १७ षटकांत ४२ धावांवर संपला. हवा ढगाळ, चेंडू हलणारा, समोर अर्नोल्ड आणि ओल्ड. मालिका ०-३ गेली. संघात भांडणे आहेत अशा बातम्या आल्या. मुंबईत वाडेकरांच्या घरावर दगड आले आणि इंदूरची ती बॅट लोकांनी विद्रूप केली. दुलीप करंडकाच्या पश्चिम विभागाच्या संघातूनही त्यांना वगळले. वय ३३. त्यांनी निवृत्ती जाहीर केली. ३७ कसोटी, २,११३ धावा, एक शतक, चौदा अर्धशतके. प्रथम श्रेणीत १५,३८० धावा आणि ३६ शतके. हिशेब बंद झाला.

तीन वर्षांपूर्वी ज्याला डोक्यावर घेतले त्याला दगड मारणारी माणसे वेगळी नव्हती. विजय एका माणसाचा मानला की पराभवही त्याच एका माणसाचा मानला जातो. १९७१ च्या विजयात सरदेसाईंच्या धावा होत्या, गावसकरांच्या ७७४ धावा होत्या, बेदी, प्रसन्ना, वेंकटराघवन, चंद्रशेखर यांची फिरकी होती, सोलकरांचे झेल होते. आपण तो वाडेकरांच्या नावावर लिहिला. म्हणून ४२ चा आकडाही त्यांच्याच दारावर लिहिला गेला.

अशा वेळी व्यावसायिक खेळाडू काय करतो? अमेरिकेत दुसरा संघ शोधतो. वाडेकर सोमवारी बँकेत गेले, असे म्हणायला हरकत नाही. ज्या नोकरीने त्यांना खेळू दिले होते, तिनेच त्यांना पडल्यावर सावरले. स्टेट बँकेत ते वरच्या पदापर्यंत चढले. माणसांकडून काम करून घेणे, कागद नीट वाचणे, निर्णय घेऊन त्याखाली सही करणे हे त्या वर्षांतले शिक्षण. पुढे ते उपयोगी पडले.

पुन्हा संघाच्या खोलीत

निवृत्तीनंतर सुमारे अठरा वर्षांनी क्रिकेट मंडळाने त्यांना भारतीय संघाचे व्यवस्थापक केले. प्रशिक्षक हा शब्द तेव्हा आपल्याकडे पुरता रुळला नव्हता. संघ परदेशात सतत हरत होता आणि मोहम्मद अझरुद्दीन यांचे कर्णधारपद डळमळीत झाले होते. १९९३ च्या सुरुवातीला इंग्लंडचा संघ आला. वाडेकरांनी आपल्याच काळातली युक्ती बाहेर काढली. खेळपट्ट्या फिरकीला साथ देणाऱ्या हव्यात आणि संघात तीन फिरकी गोलंदाज हवेत. कुंबळे, राजू आणि राजेश चौहान. कोलकाता, चेन्नई, मुंबई. तिन्ही कसोटी भारताने जिंकल्या. कुंबळे यांनी मालिकेत २१ बळी घेतले, तर मुंबईत विनोद कांबळीने २२४ धावा केल्या. त्याच वर्षी श्रीलंकेत जाऊन भारताने मालिका जिंकली. पुढच्या वर्षी श्रीलंका इथे आली आणि ३-० अशी हरली.

वाडेकरांच्या कारकिर्दीतला एक निर्णय मात्र या सगळ्या मालिकांपेक्षा जास्त टिकला. २७ मार्च १९९४, ऑकलंड. नेहमीचे सलामीचे फलंदाज नवज्योत सिद्धू यांची मान आखडली होती. मधल्या फळीत खेळणारा वीस वर्षांचा सचिन तेंडुलकर अझरुद्दीन आणि वाडेकरांकडे गेला आणि मला एकदा सलामीला पाठवा म्हणून त्याने गळ घातली. दोघांनी हो म्हटले. सचिनने ४९ चेंडूंत ८२ धावा कुटल्या. एकदिवसीय क्रिकेटमधला पुढचा सगळा सचिन त्या होकारातून आला. आठ वर्षे दारात थांबलेल्या माणसाला दुसऱ्याची घाई समजली असावी, असे मला वाटते.

१९९४ च्या डिसेंबरात नागपूरला वेस्ट इंडीजविरुद्धची कसोटी झाली, तेव्हा आम्ही चार मित्र गोंदियाहून गाडीने गेलो होतो. सामना सिव्हिल लाइन्सच्या जुन्या मैदानावर होता. सचिनने १७९ धावा केल्या. सगळ्यांचे डोळे त्याच्यावर असताना माझे लक्ष मधूनमधून पॅव्हिलियनकडे जाई. तिथे पांढरी टोपी घातलेले वाडेकर हाताची घडी घालून बसलेले दिसत. चौकार गेला तरी घडी सुटत नसे.

या कारकिर्दीचे दोषही सांगायला हवेत. घरच्या खेळपट्ट्यांवर मिळालेले यश परदेशातल्या उसळत्या खेळपट्ट्यांवर नेता आले नाही. आणि १३ मार्च १९९६ ला कोलकात्यात विश्वचषकाच्या उपांत्य सामन्यात नाणेफेक जिंकून भारताने क्षेत्ररक्षण घेतले. श्रीलंकेच्या २५१ धावांचा पाठलाग करताना १ बाद ९८ वरून ८ बाद १२० अशी घसरगुंडी झाली. लोकांनी बाटल्या फेकल्या, जाळपोळ केली आणि सामना श्रीलंकेला बहाल झाला. वाडेकरांसाठी ही १९७४ ची उजळणी होती. त्यानंतर लवकरच त्यांचे व्यवस्थापकपद गेले. मात्र या वेळी ते खचून दूर गेले नाहीत. १९९८-९९ मध्ये ते निवड समितीचे अध्यक्ष होते. कसोटीपटू, कर्णधार, संघाचे व्यवस्थापक आणि निवड समितीचे अध्यक्ष, ही चारही कामे केलेली माणसे आपल्याकडे बोटांवर मोजण्याइतकी आहेत. लाला अमरनाथ, पुण्याचे चंदू बोर्डे आणि वाडेकर ही त्यातली ठळक नावे.

खुर्ची कोणाची

वेस्ट किंवा रसेल यांच्यासारखी शेवटची पायरी, म्हणजे कारभाऱ्याची खुर्ची, वाडेकरांना मिळाली नाही. २००१ मध्ये मुंबई क्रिकेट संघटनेच्या अध्यक्षपदासाठी ते उभे राहिले. समोर शरद पवार होते. वाडेकर हरले. पवार पुढे भारतीय मंडळाचे आणि नंतर आंतरराष्ट्रीय परिषदेचे अध्यक्ष झाले.

हा प्रश्न आम्हा गोंदियाकरांना लांबचा नाही. आमच्या गोंदियाचे प्रफुल्ल पटेल २००९ पासून अखिल भारतीय फुटबॉल महासंघाचे अध्यक्ष होते आणि २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने प्रशासक नेमेपर्यंत त्या पदावर राहिले. राजकारणी माणसाकडे खेळाला लागणारा पैसा, जमीन आणि परवानग्या मिळवण्याची ताकद असते, असे समर्थन नेहमी केले जाते आणि त्यात तथ्य आहे. उलट, खेळलेला माणूसच चांगला कारभारी असतो हेही सरसकट खरे नाही. नागपूरचे शशांक मनोहर पेशाने वकील. ते भारतीय मंडळाचे दोनदा अध्यक्ष झाले, आंतरराष्ट्रीय परिषदेचेही झाले आणि त्यांच्या कारभाराला शिस्तीसाठी नावाजले गेले. दुसरीकडे मंडळाच्या अध्यक्षपदी २०१९ मध्ये सौरव गांगुली आणि २०२२ मध्ये रॉजर बिन्नी असे कसोटीपटू आले, ते लोढा समितीने सुचवलेल्या सुधारणांनंतर.

माझे म्हणणे एवढेच आहे की वाडेकर यांच्याकडे दोन्ही गोष्टी होत्या. खेळ आतून माहीत होता आणि मोठ्या संस्थेचा कारभार करण्याचा कित्येक वर्षांचा अनुभवही होता. अशी माणसे आपण तयार करतो आणि मग मतदानाच्या दिवशी त्यांच्याकडे पाठ फिरवतो. संघटनेत मते खेळाडूंची नसतात, क्लबांची असतात. निकाल तिथेच ठरतो.

पद नसताना त्यांनी केलेले एक काम फारसे बोलले गेले नाही. शारीरिक अपंगत्व असलेल्या खेळाडूंचे क्रिकेट संघटित करण्यात त्यांनी पुढाकार घेतला आणि त्यासाठी ते शेवटपर्यंत धडपडत राहिले. तिथे मिरवणूक नव्हती आणि दगडही नव्हते.

आज आमच्या जिल्ह्यातल्या गोरेगाव, देवरी, अर्जुनी मोरगावसारख्या तालुक्यांतून पोरे-पोरी मैदानी खेळांत पुढे येत आहेत. शासकीय नोकऱ्यांत खेळाडूंना पाच टक्के आरक्षण आहे, रेल्वेतही क्रीडा कोटा आहे. त्यांचे पालक मला विचारतात, खेळून पुढे काय? २०१७-१८ मध्ये विदर्भाने पहिल्यांदा रणजी करंडक जिंकला, तेव्हा संघाचे प्रशिक्षक चंद्रकांत पंडित होते. तेही मुंबईचे, भारताकडून खेळलेले यष्टिरक्षक. खेळ संपल्यावर खेळातले काम संपत नाही, याचे हे आपल्या घरातले उदाहरण. मी पालकांना वाडेकरांचे आयुष्य सांगतो. खेळताना शिक्षण सोडू नका, मिळालेली नोकरी कमी लेखू नका आणि तेहतिसाव्या वर्षी सगळे संपले असे वाटले तर एक्कावन्नाव्या वर्षापर्यंत थांबायची तयारी ठेवा.

१५ ऑगस्ट २०१८ रोजी मुंबईत वाडेकरांचे निधन झाले. ते ७७ वर्षांचे होते.